ग्लेन गूल्डचं सोवळं

माझी रात्रपाळी सकाळी सातला सुटते. टोरांटोत डाउनटाउनमधल्या एका रुग्णालयाच्या लॅबमध्ये मी रक्ताचे नमुने तपासते. सुटल्यावर ब्रॅम्प्टनची गाडी पकडायला चालत युनियन स्टेशनला येते, आणि हाताशी दहा-बारा मिनिटं असली तर वाट थोडी वाकडी करून फ्रंट स्ट्रीटवरच्या सीबीसीच्या, म्हणजे कॅनडाच्या सरकारी रेडिओ-टीव्हीच्या, इमारतीसमोरून जाते. तिथे बाहेर बाकावर एक माणूस बसलेला असतो. जाड ओव्हरकोट, डोक्याला टोपी, पायावर पाय. २००८ साली, माझ्या इथल्या पहिल्या हिवाळ्यात, मी त्याला खराच समजले होते. उणे पंधरात हा बाबा असा काय बसलाय, बरा आहे ना, म्हणून वाकून बघितलं तर ब्राँझचा निघाला.

हा ग्लेन गूल्ड, कॅनडाचा जगप्रसिद्ध पियानोवादक. रूथ ॲबरनेथी या शिल्पकर्तीने १९९९ साली केलेला पुतळा. त्या वेळी नाव वाचूनही मला काही बोध झाला नव्हता. पुढे कळलं की खऱ्या गूल्डच्या बाबतीतही लोकांची अशीच गफलत झाली होती. फ्लोरिडातल्या सारासोटा गावी, चांगल्या उबदार हवेत, तो ओव्हरकोट, मफलर, हातमोजे असा सगळा सरंजाम घालून बागेतल्या बाकावर बसला होता. पोलिसांनी कुणी भटक्या असेल म्हणून उचलून नेला!

माझं आणि पाश्चात्त्य संगीताचं काही नातं नव्हतं. वाईला असताना गांधर्व महाविद्यालयाच्या मध्यमापर्यंत गाणं शिकले, पुढे लग्न, नोकरी, कॅनडा. पियानोला मींड नाही, मग त्यात ऐकायचं काय, असं माझं ठाम मत होतं. लॅबमधल्या एका वयस्क सहकाऱ्याने (आता निवृत्त झालाय) एका रात्री मला हेडफोन दिला. बाख या जर्मन संगीतकाराची गोल्डबर्ग व्हेरिएशन्स, म्हणजे एकाच धुनेची तीस रूपं, गूल्डने वाजवलेली. पाच मिनिटांनी मी हेडफोन काढून म्हटलं, यात मागे कुणीतरी गुणगुणतंय, फाइल खराब दिसते. तो हसायला लागला. ते गुणगुणणं गूल्डचंच. वाजवताना तो गात असे, भसाड्या आवाजात, आणि ते थांबवणं त्याला जन्मात जमलं नाही. ध्वनिमुद्रणवाले हैराण व्हायचे. माझ्या गाण्याच्या बाई पेटीवर साथ करताना अशाच ओठांतल्या ओठांत गायच्या, सूर मात्र पेटीच्या अर्ध्या श्रुतीने खाली. तिथे मी अडकले ती अडकलेच.

त्याचं संगीत ऐकता ऐकता मग त्याच्याबद्दल वाचायला लागले, आणि त्याच्याबद्दल वाचणं म्हणजे बहुतेक त्याच्या सवयींबद्दलच वाचणं. विक्षिप्त, तऱ्हेवाईक, लहरी. ही तीन विशेषणं सोडून त्याच्यावर कुणाला लिहिताच येत नाही. मला मात्र ते सगळं वाचताना सारखं वाटत होतं की हा प्रकार मी कुठेतरी जवळून पाहिलाय. आणि एकदा सकाळी गाडीत डुलकी लागता लागता आठवलं. वाईची आजी. हे सोवळं आहे!

ज्यांच्या घरी सोवळं पाहिलेलं नाही त्यांना कसं सांगू. माझी आजी, वडिलांची आई, पहाटे उठून आंघोळ करी आणि रात्री वलणीवर उंच टाकलेलं सोवळ्याचं लुगडं काठीने खाली काढी. ते नेसल्यापासून जेवण होईपर्यंत तिला कुणी शिवायचं नाही. आम्ही पोरं धावत आलो की ती भिंतीला चिकटून उभी राही, दोन्ही हात अंगाशी घेऊन, आणि ओरडे, "लांब हो! शिवशील!" लोणच्याच्या बरणीला तिच्याशिवाय कुणाचा हात लागायचा नाही. एक वेळ जेवायची. पाणी तिच्या तांब्यातलं, बसायला तिचा पाट.

आता जून १९५५. बावीस वर्षांचा गूल्ड न्यूयॉर्कला कोलंबिया या रेकॉर्ड कंपनीच्या तिसाव्या रस्त्यावरच्या स्टुडिओत पहिलं मोठं ध्वनिमुद्रण, तेच गोल्डबर्ग, करायला येतो. भर उन्हाळा. हा कोट, मफलर, टोपी, हातमोजे घालून. सोबत टॉवेलांची थप्पी, पिण्याच्या पाण्याच्या स्वतःच्या दोन मोठ्या बाटल्या, गोळ्यांच्या पाच लहान बाटल्या, आणि स्वतःची खुर्ची. न्यूयॉर्कच्या नळाचं पाणी त्याला चालत नसे. वाजवायला बसण्याआधी दोन्ही हात कोपरापर्यंत गरम पाण्यात वीस मिनिटं बुडवून बसायचं. खोलीचं तापमान जरा इकडेतिकडे झालेलं त्याला कळे, त्यामुळे रेकॉर्डिंगवाल्याइतकेच वातानुकूलन यंत्रावरच्या माणसालाही कष्ट पडले. हे सगळं कंपनीनेच मोठ्या हौसेने पत्रकात छापलं. रेकॉर्ड जानेवारी १९५६ मध्ये आली आणि गूल्ड एका रात्रीत जगभर प्रसिद्ध झाला.

स्वतःचं पाणी, स्वतःचं आसन, आधी हात धुणं, आणि मग शिवायचं नाही. आजीने एका नजरेत ओळखलं असतं. माझं हे बोलणं ऐकून नवरा म्हणाला, "तू कुठलीही गोष्ट वाईला नेऊन पोचवतेस." पोचवते.

जेवणाचं तर विचारूच नका. दिवसातून एकदा, तेही रात्री दोन-तीनच्या सुमाराला. सेंट क्लेअर अव्हेन्यूवर तो राहायचा, तिथून जवळच फ्रॅन्स नावाचं चोवीस तास उघडं असणारं साधं हॉटेल होतं. तिथे ठरलेल्या जागी बसायचं आणि स्क्रॅम्बल्ड अंडी मागवायची. रोज तेच. मध्ये भूक लागली तर आरारूटची बिस्किटं आणि चहा. एकभुक्त राहणाऱ्या माणसाने अंडी खावीत हे आजीच्या पचनी पडलं नसतं, बाकी व्रत कडकच. दिवसा तो झोपायचा. ऊन त्याला सहन होत नसे, आवडता रंग युद्धनौकेचा करडा. टोरांटोचा नोव्हेंबर ज्याला मनापासून आवडू शकतो असा मला माहीत असलेला हा एकमेव माणूस.

लोकांशी संबंध ठेवायचा तो फोनवर. रात्री-अपरात्री फोन करून तासन्‌तास बोलायचा, लिहिलेले लेख वाचून दाखवायचा, अख्खी रचना गुणगुणून दाखवायचा. पलीकडचा माणूस जागा आहे की झोपला, याची त्याला फारशी फिकीर नसे. हस्तांदोलन शक्यतो नाही. सर्दी झालेला माणूस दिसला की हा खोलीबाहेर.

आणि स्पर्श. डिसेंबर १९५९ मध्ये न्यूयॉर्कला स्टाइनवे या पियानो बनवणाऱ्या कंपनीत तिथल्या मुख्य तंत्रज्ञाने गप्पांच्या ओघात त्याच्या खांद्यावर हात ठेवला. किती जोरात ठेवला यावर वाद आहे. गूल्डच्या मते खांदा कायमचा दुखावला. पुढे काही आठवडे त्याने वरचं अंग प्लास्टरमध्ये घालून घेतलं, कार्यक्रम रद्द केले, आणि कंपनीवर तीन लाख डॉलरचा दावा लावला. १९६१ मध्ये तडजोड झाली ती नऊ हजार तीनशे बाहत्तर डॉलर आणि पस्तीस सेंटवर. ते पस्तीस सेंट मला फार आवडतात. कुठल्यातरी औषधाच्या बिलातले असणार ते.

इथे एक गोष्ट बोलायला हवी, नाहीतर माझी ही तुलना फारच गोड होईल. आजीचं सोवळं निष्पाप नव्हतं. भांडी घासायला येणाऱ्या बाईंना ती वरून पाणी घाली, त्यांचं मागचं दार वेगळं होतं, आणि ते मी लहानपणी बघून न बघितल्यासारखं केलं. आणि ते सोवळं आजीवरही लादलेलंच होतं, विसाव्या वर्षी विधवा झालेल्या बाईवर. गूल्डच्या बाबतीत निदान हे म्हणता येतं की तो कंपनीच्या अध्यक्षाला आणि लिफ्टवाल्याला सारखाच टाळत असे. त्याला उच्चनीच नव्हतं. त्याचं सोवळं एकाच देवाचं, पियानोतून निघणाऱ्या आवाजाचं.

आणि गंमत म्हणजे त्या देवाच्या गाभाऱ्यातच त्याने एक कुरकुरणारी वस्तू आणून ठेवली होती. ती खुर्ची.

१९५३ साली त्याच्या वडिलांनी, बर्ट गूल्ड यांनी, पत्ते खेळायला वापरतात तसली एक घडीची लाकडी खुर्ची घेतली, तिचे पाय चार इंच कापले, आणि प्रत्येक पायाला पितळेचा स्क्रू बसवला. म्हणजे प्रत्येक पाय वेगवेगळा कमी-जास्त करता येईल. बर्ट यांचा धंदा फरच्या कपड्यांचा. हा माणूस सुतार नव्हता, पण मुलाला काय हवंय ते त्याला बरोबर कळलं होतं. बैठक जमिनीपासून फक्त चौदा इंच. पियानोसमोरचं नेहमीचं बाक साधारण वीस इंच असतं. चौदाही उंच वाटले तर गूल्ड पियानोच्या पायांखाली लाकडी ठोकळे घालून पियानोच वर उचलायचा.

मी हे करून बघितलं. मुलीचा कीबोर्ड माळ्यावरून काढला, डायनिंग टेबलावर ठेवला आणि तिच्या लहानपणच्या स्टुलावर बसले. टेप लावून मोजलं, साडेतेरा इंच. पट्ट्या जवळजवळ छातीशी येतात. मनगट कोपराच्या वर जातं, खांद्याचं वजन वापरताच येत नाही, जे काय करायचं ते बोटांनी. बोट उचलून मारायलाही जागा नाही, पट्टी आपल्याकडे ओढल्यासारखी दाबावी लागते. माझ्याकडून सारेगम सुद्धा धड निघालं नाही, पण एवढं कळलं की हे लहर म्हणून होत नाही. त्याचे गुरू आल्बेर्तो गेर्रेरो, मूळ चिलीचे, खाली बसूनच वाजवायचे. निर्जीव ठेवलेल्या एका हाताची बोटं दुसऱ्या हाताने एकेक करून पट्टीवर टपकन दाबायची, अशी कवायत ते करून घेत. गूल्डचा तो प्रत्येक स्वर सुटा, मोत्यासारखा वेगळा कळण्याचा गुण त्या कवायतीत आणि त्या चौदा इंचांत आहे. बाखच्या फ्यूगमध्ये तीन-चार आवाज एकाच वेळी चालतात, प्रत्येकाची वाट वेगळी. गूल्ड वाजवतो तेव्हा मला, मध्यमा पास बाईला, ते चारही मोजता येतात.

ती खुर्ची त्याने आयुष्यभर सोडली नाही. विमानातून, गाडीतून, १९५७ साली मॉस्को-लेनिनग्राडला, जाईल तिथे बरोबर. वर्षं गेली तशी गादी फाटली, मग बैठकच गेली. १९८१ साली त्याने गोल्डबर्ग पुन्हा ध्वनिमुद्रित केलं तेव्हा तो नुसत्या चौकटीवर आणि मधल्या एका पट्टीवर बसलेला आहे. आणि ती करकरते. रेकॉर्डवर ऐकू येते. ज्याला एका स्वराच्या शेपटीतली खरखर खपत नसे, त्याच्या रेकॉर्डवर खुर्ची करकरते, आणि ती बदलायला तो ठाम नकार देतो. सध्या ओटावात जपून ठेवली आहे म्हणे. खरं तर ती वाईच्या कुठल्याही माळ्यावर शोभली असती.

पियानोचंही तेच. १९६० साली टोरांटोच्या ईटन्स या दुकानाच्या सभागृहात त्याला एक जुना स्टाइनवे पियानो सापडला, त्याचा क्रमांक सीडी ३१८. पट्ट्या अतिशय हलक्या, लगेच दबणाऱ्या. त्याला त्या आणखी हलक्या हव्या होत्या. इतक्या हलक्या करून घेतल्या की मधल्या सप्तकात पियानोला उचकी लागायला लागली, एकदा दाबलेला स्वर दोनदा वाजे. ती उचकी घालवायची तर हलकेपणा जाणार. त्याने उचकी ठेवली. बाखच्या इन्व्हेन्शन्स या छोट्या रचनांची रेकॉर्ड तशीच काढली आणि सोबतच्या टिपणात लिहून टाकलं की हा दोष तुमच्या यंत्राचा नाही.

हा पियानो सांभाळणारा माणूस व्हर्न एडक्विस्ट. जन्मतः मोतीबिंदू, जवळजवळ दिसत नसे. सास्काचेवानच्या माळरानातून आलेला, ब्रँटफर्डच्या अंध मुलांच्या शाळेत पियानो जुळवायला शिकलेला. गूल्डने त्याला पहिल्यांदा घरचा एक जुना पियानो जुळवायला बोलावलं. एडक्विस्टने खुंट्या चाचपल्या आणि सांगितलं, या ढिल्या झाल्यात, आधी बदला, तोपर्यंत मी जुळवणार नाही. एवढ्या मोठ्या माणसाला तोंडावर नाही! गूल्डने हाच माणूस कायमचा धरला. पुढे वर्षानुवर्षं ध्वनिमुद्रण चाललेलं असताना एडक्विस्ट रात्रभर तिथे बसून राही, दोन टेकच्या मध्ये उठून एखादी तार सारखी करी. मिरजेचे तंबोरेवाले जवारी काढायला बसतात तेव्हा त्यांच्या चेहऱ्यावर जे दिसतं, ते त्याच्याही चेहऱ्यावर असणार असं मी धरून चालते. १९७१ साली हा पियानो वाहून नेताना पडला, आतली लोखंडी चौकट तडकली. दुरुस्त केला, पुन्हा केला, पण पहिल्यासारखा कधी झाला नाही. गूल्डने तो तरीही विकत घेतला आणि आणखी कितीतरी वर्षं त्याच्याकडून पूर्वीचा आवाज मागत राहिला.

लॅबमध्ये रात्री मी त्याला सेंट्रिफ्यूजच्या घरघरीत ऐकते. एका कानात गूल्ड, दुसऱ्या कानात यंत्रं. हे पाप आहे असं वाटायचं, पण तोच सांगून गेलाय. लहानपणी तो मोझार्टचा एक फ्यूग घोकत असताना कामवाल्या बाईने शेजारी व्हॅक्यूम क्लीनर सुरू केला. स्वतःचं वाजवणं ऐकूच येईना, नुसतं बोटांना जाणवत राहिलं, आणि त्याला ते ऐकू येण्यापेक्षा जास्त आवडलं! पुढे एखादी जागा बसेना की तो मुद्दाम रेडिओ आणि टीव्ही दोन्ही मोठ्याने लावून तीच जागा वाजवायचा. मी मुलीला परीक्षेच्या दिवसांत हे सांगायची चूक केली. तिने टीव्ही लावला.

१० एप्रिल १९६४ ला लॉस एंजेलिसमध्ये त्याने एक कार्यक्रम केला आणि त्यानंतर पुन्हा कधीही लोकांसमोर पैसे घेऊन वाजवलं नाही. वय एकतीस. समोर बसलेले लोक त्याला कुस्ती बघायला आलेल्या गर्दीसारखे वाटत, कधी चुकतो याची वाट बघणारे. स्टुडिओत मात्र त्याला हवं तितक्या वेळा वाजवता येई, आणि टेप कापून जोडता येई. बाखचा ए मायनरमधला एक फ्यूग त्याने आठ वेळा वाजवला. सहावा आणि आठवा टेक दोन्ही निर्दोष, पण एक जास्तच गंभीर, दुसरा जास्तच उड्या मारणारा. त्याने सुरुवात आणि शेवट सहाव्यातला ठेवला, मधला भाग आठव्यातला जोडला. शुद्धतावादी लोक याला फसवणूक म्हणाले. मला यात फसवणूक दिसत नाही. चांगला स्वयंपाकी दोन भाज्यांच्या रश्शातून एक रस्सा करतो तेव्हा त्याला कुणी चोर म्हणतं का? पण हेही खरं की भर मैफलीत, एकाच श्वासात, परत न मिळणारी जागा घेणाऱ्या माणसाची ओढ मला जास्त आहे. माझे वडील मुंबईत नोकरीला असताना त्यांनी केसरबाई केरकरांची एक मैफल ऐकली होती. त्या रात्रीबद्दल ते मरेपर्यंत बोलायचे.

केसरबाई आठवायला कारण आहे. १९७७ साली व्हॉयेजर या अंतराळयानांवर सोन्याचा मुलामा दिलेली जी तबकडी पाठवली, तिच्यावर गूल्डने वाजवलेला बाखचा सी मेजरमधला प्रिल्यूड आणि फ्यूग आहे, पावणेपाच मिनिटांचा. आणि त्याच तबकडीवर केसरबाईंची भैरवी आहे, 'जात कहाँ हो', साडेतीन मिनिटांची. गोव्यातल्या केरीच्या केसरबाई, अल्लादियाखाँसाहेबांची करडी तालीम घेतलेल्या. त्यांना ध्वनिमुद्रणाचं प्रेम नव्हतं, फार थोड्या तबकड्या दिल्या, रेडिओपासून लांब राहिल्या. समोर माणसं हवीत, तीही जाणती. आणि १९६३-६४ च्या सुमाराला, म्हणजे गूल्डच्या आगेमागेच, त्यांनीही जाहीर गाणं बंद केलं. एकाने सभागृह सोडून माइक धरला, दुसरीने माइक टाळून सभागृह धरलं, आणि आता दोघंही ताऱ्यांमधल्या पोकळीत एकाच तबकडीवर. व्हॉयेजर १ ने ५ सप्टेंबर १९७७ ला उड्डाण केलं, केसरबाई १६ सप्टेंबरला गेल्या. एकमेकांचं गाणं त्यांनी ऐकलं असतं तर दोघांनीही दुसऱ्याची खोडच काढली असती, याबद्दल माझ्या मनात शंका नाही.

आता जरा माझ्या धंद्याचं. गूल्ड स्वतःचा रक्तदाब मोजायचा आणि लिहून ठेवायचा. काही दिवस तर तासातासाला. कागदच्या कागद आकड्यांनी भरलेले. १९७७ च्या सुमाराला हात नीट चालेनात, तेव्हा त्याचीही वही केली, कुठलं बोट, कुठलं मनगट, खांदा किती वर, आज कसं वाटलं. डॉक्टर अनेक, आणि एकाने दिलेल्या गोळ्या दुसऱ्याला न सांगता घ्यायच्या. असे लोक मला ओळखू येतात. त्यांचे नमुने आमच्याकडे महिन्यातून तीनदा येतात, सगळे आकडे ठीक असतात आणि तरी चौथ्यांदा येतात. गूल्डच्या शवविच्छेदनात, ज्या दुखण्यांसाठी तो इतकी वर्षं औषधं घेत होता, त्यांची विशेष काही खूण सापडली नाही. हे वाचून लोक हसतात. मला नाही हसू येत. भीती रक्तात दिसत नाही, माझ्याकडे तिची टेस्ट नाही.

१९७५ मध्ये त्याची आई फ्लॉरेन्स अर्धांगाच्या झटक्याने रुग्णालयात होती. तिनेच त्याला पियानोवर पहिल्यांदा बसवलं होतं, दहा वर्षांचा होईपर्यंत तीच त्याची शिक्षिका. तो भेटायला गेला नाही. रुग्णालयातले जंतू. फोनवर बोलला. आई गेली. सोवळ्याचा हा भाग मला आजीकडूनही माहीत आहे. माझा धाकटा काका लहानपणी तापाने फणफणला होता, आणि आजीने आधी नैवेद्य दाखवला, मग त्याला उचलला. काकाने ती गोष्ट सत्तराव्या वर्षीही विनोद म्हणूनच सांगितली, पण सांगितली दर दिवाळीला.

याच माणसाचं घर म्हणजे उकिरडा. सेंट क्लेअरवरच्या त्या फ्लॅटमध्ये कागद, टेप, कपडे, डबे यांचा पसारा. आवराआवर त्याच्या गावी नव्हती. गाडी चालवताना एक हात स्टिअरिंगवर आणि दुसरा समोर नसलेल्या वाद्यवृंदाला इशारे करणारा. गाडीचं नाव लॉंगफेलो. हे वाचून मला हायसं वाटलं. म्हणजे नीटनेटकेपणाचा आणि याचा काही संबंध नाही. त्याला जग स्वच्छ नको होतं, फक्त पियानोच्या आसपासची चार हात जागा हवी होती.

पन्नासावा वाढदिवस २५ सप्टेंबर १९८२ चा. दोन दिवसांनी त्यालाही झटका आला, आईसारखाच, आणि ४ ऑक्टोबरला तो गेला. दुसरं गोल्डबर्ग बाजारात येऊन महिनाच झाला होता. पहिलं साडेअडतीस मिनिटांचं, दुसरं एकावन्न मिनिटांचं. पहिल्यात तरुण पोरगा जिना दोन-दोन पायऱ्यांनी उतरतो. दुसऱ्यातली सुरुवातीची एरिया, म्हणजे मूळ धून, ऐका, प्रत्येक स्वर खाली ठेवण्याआधी तो हातात धरून बघितल्यासारखा. तिथेही मागे गुणगुणणं आहेच, पहिल्यापेक्षा मोठं. पैशांचा मोठा वाटा त्याने मुक्या प्राण्यांसाठी काम करणाऱ्या संस्थेला आणि साल्व्हेशन आर्मी या ख्रिस्ती सेवाभावी संस्थेला ठेवला होता. माणसांना न शिवणारा हा माणूस कुत्र्यांच्या गळ्यात पडून फोटो काढायचा, आणि टोरांटोच्या प्राणिसंग्रहालयात त्याने एकदा हत्तींना संगीतकार माहलरची रचना गाऊन दाखवली होती. हत्तींनी फारसं लक्ष दिलं नाही.

परवा सकाळी बाकाशी थांबले तर तिथे एक कुटुंब होतं, बहुतेक पर्यटक. आईने मला फोन दिला, काढाल का आमचा एक? मुलगा दहा-बारा वर्षांचा. तो गूल्डला खेटून बसला आणि त्याने सरळ त्याच्या खांद्यावर हात टाकला, चांगला दणकन. "अजून जवळ," वडील म्हणाले. मुलाने गाल टेकवला. मी दोन फोटो काढले, एक उभा, एक आडवा. फोन परत दिला, आणि गाडी चुकेल म्हणून चालायला लागले. सिग्नलशी पोचल्यावर लक्षात आलं की मी खिशातली छोटी बाटली काढून हातांना सॅनिटायझर चोळते आहे.